फ्रूट क्रंबल पाई: तळ कच्चा राहतोय, २५ डिसेंबरच्या आत मदत हवीये

वारजेकरीण | १३ डिसेंबर, रात्री ११:२०

नमस्कार मंडळी, प्रश्न जरा लांबलचक आहे पण सगळं सांगितल्याशिवाय कळणार नाही म्हणून सविस्तर लिहितेय.

२५ डिसेंबरला सुट्टी असते, तर दरवर्षी आमचा सासरचा सगळा गोतावळा सहकारनगरला मोठ्या दिरांकडे जमतो, यंदा लहानमोठे धरून २२ जण आहोत. नवऱ्याच्या आत्या तीस-एक वर्षं इंग्लंडला, लेस्टरला होत्या, आता कायमच्या पुण्यात आल्यात. तिकडे त्या दर नाताळला ॲपल क्रंबल पाई करायच्या, म्हणजे खाली पाईसारखी पारी, मध्ये फळं आणि वर बटर-मैदा-साखरेचा खुसखुशीत चुरा. नवरा लहानपणी एकदा तिकडे गेला होता त्याला अजून ती चव आठवते. आता आत्यांच्या दोन्ही गुडघ्यांची ऑपरेशनं झालीत, ओट्याशी दहा मिनिटांच्या वर उभं राहवत नाही. म्हणून मागच्या वर्षी मी म्हटलं मी करते.

आणि ती पार फसली. महाबळेश्वरच्या स्ट्रॉबेऱ्या छान मिळाल्या म्हणून त्याच घातल्या, काचेच्या डिशमध्ये केली, वरून इतकी सुंदर गुलाबीसर-सोनेरी दिसत होती की सगळ्यांनी फोटो काढले. सुरी घातली आणि खालून नुसतं लाल पाणी वर आलं. तळाची पारी पांढरीफटक, ओली, दाबली तर बोटाला चिकटत होती. शेवटी सगळ्यांनी वाटीत घेऊन चमच्यानं खाल्ली, गोड बोलले, आत्या पण म्हणाल्या चव चांगली आहे, पण त्यांनी पारी हळूच बाजूला सारून ठेवलेली मी बघितली. ते माझ्या डोळ्यासमोरून जात नाही.

यंदा मला ती नीट करायचीच आहे. माझ्याकडे २८ लिटरचा ओटीजी (विजेवरचा छोटा ओव्हन) आहे, नऊ इंची डिश एका वेळी एकच बसते. सासूबाईंच्या माहेरची माणसं अंडं खात नाहीत म्हणून बिनअंड्याची हवी. फळं कुठली घेऊ, तळ कसा भाजला जाईल आणि २२ जणांना किती लागेल, कृपया सांगा. दहा-बारा दिवस हातात आहेत, एकदा ट्रायल करून बघीन.

मोहनवाली_काकू | १४ डिसेंबर, सकाळी ७:०५

अगं, सगळा घोळ पाण्याचा आहे. स्ट्रॉबेरीत शंभरातले नव्वद भाग पाणीच असतं, साखर लागली की ते सुटतं आणि जाऊन बसतं कुठं तर तुझ्या कच्च्या पारीवर. मग पारी भाजत नाही, उकडते. तुझ्या डिशमध्ये हेच झालंय. ओव्हनला आणि स्वतःला दोष देऊ नकोस.

काकडीची कोशिंबीर करताना आपण काय करतो, मीठ लावून पाणी काढून टाकतो ना, मग दाण्याचं कूट घालतो. तसंच इथं. सफरचंदाच्या फोडींना साखर आणि एका लिंबाचा रस लावून पाऊण तास ठेव. मग रोवळीत नाहीतर चाळणीत निथळत ठेव, खाली वाटीभर तरी रस जमेल. तो रस फेकायचा नाही गं, सगळी चव त्यात आहे. पातेलीत घालून मंद आचेवर आटव, मोरांब्याच्या पाकासारखा चिकटसर झाला की परत फोडींवर ओत. आणि संपूर्ण गार होऊ दे. गरम सारण पारीवर घातलंस तर बटर तिथल्या तिथं वितळून जाईल.

आता पारी. तुझ्यासाठी मी हे सगळ्यात महत्त्वाचं समजते. आपल्या हाताला मळायची सवय, पुरणपोळीची कणीक आपण तेलपाणी लावून तिंबतो, तार येईपर्यंत. हा हात पाईला लावायचा नाही. मैद्यात पाणी पडून तो मळला गेला की चिवटपणा येतो, मग पारी भाजताना आकसते आणि खाताना चामट लागते. करंजीचं आठव. मोहन घातल्यावर पीठ चोळतो आणि मुठीत दाबून मुटका वळतो का बघतो, वळला तर मोहन बरोबर. इथंही मुटकाच बघायचा, फक्त मोहन कडकडीत तापवलेलं घालायचं नाही, फ्रीजमधलं घट्ट बटर वाटाण्याएवढे तुकडे करून घालायचं आणि बोटांच्या टोकांनी भराभरा चोळायचं. तळवा लावू नकोस, तळहात गरम असतो. मधेमधे बटरचे छोटे खडे दिसले तर दिसू देत, त्यांच्यामुळंच पदर सुटतात.

माझं प्रमाण, एका नऊ इंची डिशला: मैदा १८० ग्रॅम, बटर ११० ग्रॅम, साखर एक छोटा चमचा, बर्फाचं पाणी तीन ते चार मोठे चमचे. पाणी एकेक चमचा घालायचं आणि पीठ जेमतेम गोळा झालं की थांबायचं. गोळा चपटा करून झाकून फ्रीजमध्ये तासभर. अमूलचं साधं पिवळं बटर घेतलंस तर त्यात मीठ असतंच, वेगळं घालू नकोस.

आणि एक. पारीवर सारण घालायच्या आधी एक मोठा चमचा बारीक रवा कोरडाच खमंग भाजून पसरून टाक. उरलासुरला रस तो पिऊन घेतो आणि खाताना कळतही नाही. हे मला माझ्या सासूबाईंनी ओल्या नारळाच्या करंज्यांसाठी सांगितलं होतं, पाईला पण लागू पडतं.

ओटीजी_आणि_मी | १४ डिसेंबर, सकाळी ९:४८

काकूंच्या प्रतिसादाला +१, आता ओव्हनच्या बाजूचं मी सांगतो.

ताई, काचेची डिश वाईट नसते, उलट खालून तळाचा रंग बघता येतो हा फायदाच आहे, पण काच हळू तापते. तुमच्या ओटीजीत वरचा रॉड जवळ असतो त्यामुळं वरचा चुरा आधी लाल होतो, आपल्याला वाटतं झालं, आणि तळ तेव्हा कुठं तापायला लागलेला असतो. रविवार पेठेत बोहरी आळीत जा, तिथं बेकिंगच्या सामानाची दुकानं आहेत, नऊ इंची ॲल्युमिनियमचा टिन घ्या, खालची चकती सुटी निघते तो मिळाला तर फारच उत्तम. धातू झटकन तापतो. आणि काचेचीच वापरणार असाल तर फ्रीझरमधून काढून थेट गरम ओव्हनमध्ये अजिबात ठेवू नका, तडकते. माझ्या डोळ्यासमोर तडकलीय, सगळं सारण ओव्हनच्या तळाशी आणि काचा वेचत बसलो.

तळ भाजायचा उपाय म्हणजे पारी आधी रिकामी भाजून घेणे. टिनमध्ये पारी बसवा, काट्यानं टोचे मारा, वर बटर पेपर आणि त्यावर राजमा किंवा काबुली चणे भरा म्हणजे ती फुगत नाही. २०० डिग्रीला १५ मिनिटं. मग कागदासकट राजमा उचलून घ्या आणि आणखी ८-१० मिनिटं, पारी कोरडी आणि फिकट बदामी दिसेपर्यंत. तो राजमा नंतर शिजवून खाता येत नाही, बरणीत घालून "पाईचा राजमा" अशी चिठ्ठी लावून ठेवा, वर्षानुवर्षं चालतो.

ओव्हन कमीत कमी १५ मिनिटं आधी तापवा, दोन्ही रॉड चालू, जाळी सगळ्यात खालच्या खोबणीत, आणि ओव्हनबरोबर येतो तो पत्र्याचा ट्रे जाळीवर ठेवून तोही आधीच तापू द्या. पाई त्या तापल्या ट्रेवर ठेवली की तळाला लगेच चटका बसतो आणि सांडलेला रसही ट्रेवरच राहतो. भरलेली पाई १९० ला ४० ते ४५ मिनिटं. चुरा लवकर लाल झाला तर वर फॉइल सैल टाकून ठेवा.

आणि झाली कधी म्हणायची, तर कडेला रस उकळताना दिसतो तेव्हा नाही, मध्याजवळच्या भेगांतून घट्ट बुडबुडे यायला लागतात तेव्हा. सारणात कॉर्नफ्लोअर घातलेलं असतं ते नीट घट्ट व्हायला जवळजवळ उकळीपर्यंत तापावं लागतं. मध्य तापला नाही तर कितीही कॉर्नफ्लोअर घाला, पाणीच राहणार. एक किलो सफरचंदांना दोन मोठे चमचे पुरे, स्ट्रॉबेरीला जास्त लागतं.

ओटीजीच्या नॉबवर फार भरवसा ठेवू नका, माझा २० डिग्री कमी दाखवतो हे आत ठेवायचा थर्मामीटर आणल्यावर कळलं. ते पण बोहरी आळीतच मिळेल.

मंडई_परिसर | १४ डिसेंबर, दुपारी १:१५

फळांचं मी सांगते, रोजचं जाणं-येणं आहे मंडईत.

रॉयल डिलिशस नावाखाली जी लालभडक सफरचंदं मिळतात ती खायला गोड पण भाजली की पिठूळ होऊन लगदा होतो. पाईला फोड शाबूत राहायला हवी. हिरवी आंबट परदेशी सफरचंदं मिळतात, ग्रॅनी स्मिथ, ती भाजल्यावरही आकार धरून राहतात आणि आंबटपणामुळं साखर डोक्यात जात नाही, पण महाग असतात. म्हणून निम्मी ती आणि निम्मी किन्नौरची. किन्नौरचा माल हिमाचलात उशिरा निघतो म्हणून डिसेंबरातही करकरीत मिळतो, घेताना नखानं हलकं दाबून बघायचं, दबलं तर सोडून द्यायचं. फोडी साधारण अर्ध्या सेंटीमीटरहून किंचित जाड, सगळ्या एकसारख्या, नाहीतर पातळ विरघळतात आणि जाड कच्च्या राहतात.

स्ट्रॉबेरी घालायचीच असेल तर एकूण फळाच्या चौथा हिस्सा, रंगापुरती. महाबळेश्वरच्या स्ट्रॉबेरीला २०१० मध्ये भौगोलिक मानांकन मिळालंय, चवीबद्दल प्रश्नच नाही, पण ती ताजी खावी किंवा क्रीमबरोबर खावी असं माझं स्पष्ट मत आहे. भाजून तिचा अर्धा गुण जातो.

पेरूचा विचार केलायस का? आत्ता पेरूचा सीझन आहे, पिकलेला पण घट्ट पेरू, बियांचा गर चमच्यानं काढून टाकायचा, नुसत्या बाहेरच्या फोडी घ्यायच्या. पेरूत पेक्टिन, म्हणजे जॅम घट्ट करणारा फळातला घटक, भरपूर, सारण आपोआप धरतं. आजी-आजोबा येणार असतील तर बिया अजिबात राहू देऊ नकोस, दाताखाली आल्या की त्यांना त्रास होतो. मी सफरचंद-पेरू करते, त्यात थोडं किसलेलं आलं. पुरंदरचे अंजीर मिळाले तर दोन-चार चिरून घाल, त्यांनाही मानांकन आहे, २०१६ चं. पण ते नाजूक, साखर लावून ठेवायचे नाहीत, अगदी भरताना घालायचे.

बर्मिंगहॅम_रिटर्न | १४ डिसेंबर, रात्री १०:०२

मी थोडं वेगळं सांगणार आहे, राग मानू नका. पारीच काढून टाका. खरं ॲपल क्रंबल बिनपारीचंच असतं, डिशमध्ये फळं, वर चुरा, बस. तळ कच्चा राहायचा प्रश्नच उरत नाही.

ब्रिटनमध्ये ते घरोघरी पोचलं दुसऱ्या महायुद्धात. ८ जानेवारी १९४० ला तिकडे बेकन, लोणी आणि साखरेवर रेशनिंग आलं आणि ते सगळं संपायला १९५४ उजाडलं. पाईच्या पारीला लोणी आणि मैदा जास्त लागतो, चुऱ्याला त्यामानानं कमी, ओट्स-ब्रेडचा चुरा काहीही मिसळून भागवता येतं. बायका कारखान्यात आणि दवाखान्यात कामाला जात होत्या, पारी लाटत बसायला वेळ कुणाला. म्हणजे अडचणीतून रुळलेला पदार्थ आहे आणि तरी इतका चांगला की रेशन संपल्यावरही कुणी सोडला नाही.

दुसरं, वर आइस्क्रीम नका देऊ, गरम कस्टर्ड द्या, तिकडे तसंच खातात, आत्यांना ते बरोबर ओळखीचं वाटेल. आणि तुमचा बिनअंड्याचा प्रश्नही त्यातच सुटतो. कस्टर्ड पावडर मुळात निघालीच त्यासाठी: बर्मिंगहॅमच्या आल्फ्रेड बर्ड यांच्या पत्नीला अंडं सोसत नव्हतं म्हणून त्यांनी १८३७ मध्ये कॉर्नफ्लोअर वापरून बिनअंड्याचं कस्टर्ड तयार केलं. आपल्याकडे घराघरात असतं ते वीकफील्डचं कस्टर्ड पण तसंच, आणि ती तर आपल्या पुण्याचीच कंपनी. अर्धा लिटर दुधाला दोन मोठे चमचे पावडर म्हणतात, मी दीड घालतो, ओतता येईल इतकं पातळ राहायला हवं.

वारजेकरीण | १४ डिसेंबर, रात्री ११:४०

बापरे, किती मनापासून लिहिलंय सगळ्यांनी, वाचूनच धीर आला. काकू, मी मागच्या वर्षी पीठ चांगलं दहा मिनिटं मळलं होतं!! मऊसूत गोळा झाला म्हणून खूष होते.

दादा, तुमचं पटतंय पण पारी मला सोडायची नाहीये. आत्या पारीसकटच करायच्या, आणि नवरा म्हणतो त्यांच्या घरात सगळे कडेच्या पारीवरून भांडायचे. पण असं करते, दोन पाया पारीच्या आणि तिसरा एक मोठा ट्रे बिनपारीचा, म्हणजे २२ जणांना पुरेल आणि ज्यांना जड होतं त्यांना नुसतं क्रंबल देता येईल. कस्टर्ड नक्की.

वरच्या चुऱ्याचं प्रमाण कुणी सांगेल का? ओट्स घालायचे का नाही?

मोहनवाली_काकू | १५ डिसेंबर, सकाळी ६:५०

एका पाईला: मैदा ६० ग्रॅम, कणीक ६० ग्रॅम, ओट्स ४० ग्रॅम, साखर ८० ग्रॅम, गार बटर ९० ग्रॅम, दालचिनी पूड पाव चमचा. ओट्स जाड पोह्यांसारखे दिसतात ते घे, झटपट शिजणारे बारीक घेऊ नकोस, त्यांचं पीठ होतं. साखर ब्राऊन असेल तर छान, नसेल तर साधी. गूळ घातला तर चुरा ओलसर राहतो, खुसखुशीत होत नाही, म्हणून गूळ इथं नको. फोडींना एका पाईपुरती ८० ते १०० ग्रॅम साखर, दालचिनी आणि जायफळ. जायफळ ताजंच किसून घाल गं, पूड आणू नकोस.

नवशिका_बेकर | १५ डिसेंबर, दुपारी ४:३०

मध्येच विचारतोय सॉरी, कन्व्हेक्शन मायक्रोवेव्हमध्ये होईल का हे? ओटीजी नाहीये.

ओटीजी_आणि_मी | १५ डिसेंबर, संध्याकाळी ६:१०

होतं. नुसता कन्व्हेक्शन मोड, मायक्रो किंवा कॉम्बो अजिबात नाही, धातूचा टिन असेल तर कन्व्हेक्शनलाच चालतो. बुटकं स्टँड वापरा. तळाला रॉड नसतो म्हणून रिकामी पारी पाच-सात मिनिटं जास्त भाजा. बिनपारीचं क्रंबल केलंत तर काहीच अडचण नाही.

वारजेकरीण | १९ डिसेंबर, रात्री १०:१५

ट्रायल झाली! काल टिन आणला, आज सुट्टी टाकून केली. काय झालं ते सगळं सांगते, दोन अडचणी आल्यात.

आधी चांगलं. किलोभर सफरचंदांना साखर-लिंबू लावून ठेवलं, पाऊण तासानं चाळणीखाली खरंच वाटीभर रस. मला विश्वासच बसेना की हे सगळं पाणी मागच्या वर्षी पारीवर गेलं होतं. तो आटवताना आधी फेस येत होता पातळ पातळ, मग बुडबुडे मोठे झाले, संथ झाले, आणि चमच्याच्या मागे बोट फिरवलं तर रेघ तशीच राहिली. रंग चहासारखा. घरभर असा वास की शेजारच्या वहिनी विचारायला आल्या.

आणि तळ भाजला!! चकती वर उचलून खालून बघितलं, मारी बिस्किटासारखा रंग.

आता अडचणी. पहिली, रिकामी भाजताना पारीच्या भिंती घसरून खाली बसल्या, एका बाजूला तर अर्धाच इंच राहिली, सारण बाहेर आलं. दुसरी, चुरा वाळूसारखा झाला, सुटा सुटा, खाताना कोरडा, आत्यांच्या पाईवर खडे खडे असायचे असं नवरा म्हणतो, शेंगदाण्याएवढे.

आणि हो, मला धीर धरवला नाही, तासाभरातच कापली. थोडी वाहिली, पण मागच्या वर्षीसारखं पाणी नव्हतं, घट्टसर होतं.

मोहनवाली_काकू | १९ डिसेंबर, रात्री १०:४०

शाब्बास गं. मला वाचूनच आनंद झाला.

चुऱ्याचं सोपं आहे. चोळून झालं की मुठीत घेऊन दाबायचा, मुटके वळायचे, आणि मग ते मुटके हातानं फोडायचे. काही शेंगदाण्याएवढे, काही बारीक, असं मिश्र राहू दे. ताटलीत पसरून अर्धा तास फ्रीझरमध्ये ठेव आणि तसाच गारेगार पाईवर घाल. दाबून बसवायचा नाही, वरून सोडायचा. मुटका वळत नसेल तर अर्धा चमचा थंड दूध शिंपड. हा चुरा तू २३ तारखेलाच करून डब्यात घालून फ्रीझरला ठेवू शकतेस, तेवढंच आदल्या दिवशीचं काम हलकं.

ओटीजी_आणि_मी | १९ डिसेंबर, रात्री ११:२५

भिंती घसरायची तीन कारणं. पारी ताणून बसवली जाते, गार नसते, आणि राजमा अर्धाच भरलेला असतो. लाटलेली पारी टिनमध्ये सैल सोडा, कोपऱ्यात ढकलत न्या, ओढू नका, ओढलेली परत आपल्या जागी जाते. कड टिनच्या वर बोटभर राहू द्या, लगेच कापू नका. मग टिनसकट अर्धा तास फ्रीझरमध्ये, धातूचा आहे म्हणून चालेल. आणि राजमा काठोकाठ, कडेला जास्त. बटर ३२-३५ डिग्रीला वितळतं, पुण्याच्या डिसेंबरात सकाळी सातला ओट्यावर हात गार पडतात ती वेळ पारी लाटायला सोन्यासारखी, दुपारी बारानंतर करू नका.

दोन पायांसाठी: दोन्ही रिकाम्या पाऱ्या २४ तारखेला भाजून गार करून हवाबंद ठेवा. भरून भाजणं २५ ला सकाळी, एकामागून एक. जेवण दुपारी असेल तर पहिली साडेसहाला ओव्हनमध्ये गेली पाहिजे, कारण बाहेर काढल्यावर किमान तीन तास हात लावायचा नाही. कॉर्नफ्लोअर गार होतानाच धरतं. गरम हवी असेल तर पूर्ण गार झाल्यावर परत १६० ला १० मिनिटं, वाहणार नाही.

नेताना टिनमधून काढू नका. मिठाईचं मोठं खोकं, खाली ओला करून घट्ट पिळलेला पंचा घडी घालून, त्यावर टिन. सरकत नाही.

बर्मिंगहॅम_रिटर्न | २० डिसेंबर, सकाळी ८:३०

ताई, पारीवर अडून राहिलात ते बरं केलंत, तुमचा फोटो बघून मलाच करावीशी वाटतेय. बिनपारीच्या ट्रेला फळं थोडी जाड चिरा आणि रस कमी आटवा, तिथं ओलावा हवा असतो, कस्टर्ड त्यातच मिसळतं.

वारजेकरीण | २६ डिसेंबर, सकाळी ९:१०

कालचं लिहिल्याशिवाय राहवत नाहीये.

सकाळी सहाला उठले, चुरा आधीच तयार होता, सफरचंद-पेरूचं सारण रात्री करून फ्रीजमध्ये ठेवलेलं. पहिली पाई सुरेख झाली. दुसरी ओव्हनमध्ये असताना लाईट गेली. वीस मिनिटं. मी ओव्हनचं दार उघडलं नाही, हात जोडून समोर उभी राहिले, लाईट आल्यावर मध्यात बुडबुडे येईपर्यंत पंधरा मिनिटं जास्त दिली. चुरा थोडा गडद झाला पण जळला नाही. भिंती दोन्हीच्या ताठ उभ्या. दादा, खोक्यातल्या पंच्यामुळं स्पीडब्रेकरवर सुद्धा हलली नाही.

जेवणं होऊन पाया कापायला अडीच वाजले. मी पहिला तुकडा आत्यांना दिला आणि तिथंच उभी राहिले, दुसऱ्या कुणाला वाढायचं सुचेना. तुकडा ताटलीत ठेवल्यावर तसाच उभा राहिला, काही वाहिलं नाही. आत्यांनी आधी खाल्लं नाही. काट्यानं तुकडा आडवा केला, खालची बाजू बघितली, काट्याचं टोक तळावर मारलं, टक् असा आवाज आला. मग म्हणाल्या, "भाजलाय गं तळ." आणि मग कस्टर्ड मागून घेतलं, दोनदा. कडेच्या पारीवरून नवरा आणि त्याचा चुलतभाऊ चाळिशीत पुन्हा भांडले, शेवटी आत्यांनी मध्ये पडून कापून वाटून दिली. बिनपारीचा ट्रे मुलांनी संपवला, आजीसासूबाईंनी पण वाटीभर खाल्लं, बी एकही लागली नाही.

काकू, भाजलेल्या रव्याचं आत्यांना सांगितलं, तर त्या म्हणाल्या इतकी वर्षं केली पण हे मला कुणी सांगितलं नव्हतं. आज सकाळी आठलाच त्यांचा फोन, वही घेऊन बसल्या होत्या, म्हणाल्या रवा नेमका किती आणि बारीक का जाड ते परत सांग.